कायमचा उपमुख्याध्यापक

चेहरा ओळखीचा, नाव काही केल्या आठवत नाही, अशा नटांची ब्रिटिश टीव्हीला कधीच टंचाई नव्हती. यायचं, नायकाच्या वाटेत आडवं पडायचं, जमलं तर मरायचं आणि पुढं दुसऱ्या नावानं पुन्हा हजर व्हायचं. १९३८ साली अ‍ॅबर्डीनमध्ये जन्मलेला मायकेल शिअर्ड हा या जमातीतला अस्सल नमुना. ‘डॉक्टर हू’ या एकाच मालिकेत तो १९६६ ते १९८८ दरम्यान सहा वेळा आला, सहाही वेळा निराळा माणूस म्हणून. कुणी हरकत घेतली नाही.

पोरांनी मात्र त्याला पक्कं ओळखलं ते बीबीसीच्या ‘ग्रेंज हिल’ या शाळेवरच्या मालिकेमुळे. १९८५ ते १९८९ तो तिथला उपमुख्याध्यापक ब्रॉन्सन. हनुवटी वर, ओठ आवळलेले आणि डोक्यावर केसांचा टोप. हे केस घरचे नाहीत हे शेवटच्या बाकालाही कळावं, पण कळलंय असं कुणी चेहऱ्यावर दाखवू नये, असा एकूण करार.

कुठल्याही उपमुख्याध्यापकाचा जीव ‘उप’मध्ये अडकलेला असतो. शिअर्डची बढती १९८८ मध्ये झाली, पण ‘डॉक्टर हू’मधल्या कोल हिल शाळेत, आणि तीही डेलेक या खुनशी परग्रहवासीयांच्या ताब्यातला मुख्याध्यापक म्हणून. संस्थाचालकांच्या मुठीतले मुख्याध्यापक आपल्याकडेही असतात. डेलेक निदान देणगी तरी मागत नव्हते.

मोठ्या हुद्द्याचा गुण त्याला आधीही आला नव्हता. ‘द एम्पायर स्ट्राइक्स बॅक’ या अंतराळपटात (१९८०) तो अ‍ॅडमिरल ओझेल. आरमार शत्रूच्या नको तितकं जवळ नेतो. त्याचे वरिष्ठ, खलनायक डार्थ व्हेडरसाहेब, शिक्षा द्यायला जातीनं येतही नाहीत, गूढ शक्तीनं स्क्रीनवरूनच गळा आवळतात. बोलतात मात्र शेजारच्या कॅप्टनशी, त्याला ओझेलची जागा देऊन टाकतात. तेवढा वेळ आमचा माणूस बाजूला उभ्याउभ्या गुदमरतो, डोळे बाहेर, हात गळ्याशी, आणि साहेबांचं वाक्य न तोडता कोसळतो. दुसऱ्याच्या संवादात इतक्या बेतानं मरायला फार वर्षांची नोकरी लागते.

हिटलर तर त्यानं अनेकदा केला. १९८९ च्या इंडियाना जोन्सपटात बर्लिनच्या गर्दीत नायक जर्मन गणवेशात, हातात गुप्त डायरी. हिटलर ती घेतो. आता संपलंच सगळं! तर हा गृहस्थ तीत सही ठोकून डायरी परत करतो.

पुढं चाहत्यांच्या मेळाव्यांत शिअर्ड स्वतःही सह्या देई. आठवणींच्या पुस्तकाला त्यानं ‘येस, मिस्टर ब्रॉन्सन’ असं नाव दिलं, नंतरच्या एका पुस्तकाला ‘येस, अ‍ॅडमिरल’. हिटलरला ‘येस’ म्हणायचं मात्र त्यानं टाळलं.