खाली काय लिहिलंय?

तारकोव्हस्कीच्या 'सोलारिस' या चित्रपटाबद्दल माझी काडीची तक्रार नाही. १९७२ साली कान महोत्सवात त्याला ज्युरींचं विशेष पारितोषिक मिळालं. माणसाला माणसापलीकडचं काही कळू शकतं का, हा त्याचा प्रश्न मोठा आहे आणि त्यासाठी पावणेतीन तास एका जागी बसायची माझी तयारी होती. तक्रार एवढीच, की संवाद रशियन आणि खालच्या ओळी व्हिएतनामी. "सबटायटल्स आहेत ना?" असं पेन ड्राइव्ह देणाऱ्या भाच्याला विचारलं होतं. "आहेत की," तो म्हणाला. खोटं बोलला असं म्हणायची सोय नाही.

व्हिएतनामी लिपी चिनीसारखी असती तर डोळ्यांनी पहिल्याच मिनिटाला नाद सोडला असता. पण सतराव्या शतकात युरोपातल्या मिशनऱ्यांनी ती भाषा रोमन अक्षरांत बसवायला घेतली आणि माझ्या रविवारची वाट लावली. अक्षरं ओळखीची, त्यामुळे प्रत्येक ओळ आता लागेल, मग लागेल, असं वाटत राहतं. त्यात ती भाषा सुरांची. एकच अक्षर सहा सुरांत म्हणायचं, म्हणून डोक्यावर टोप्या, कडेला आकडे, पायाशी टिंबं. आमच्या जुन्या टीव्हीवर ते सगळं टोमॅटोच्या पानावर मावा पडल्यासारखं दिसतं. फवारायला हात शिवशिवतात.

आणि हे घडतं कुठे, तर जुन्नर तालुक्यात. आमच्या नारायणगावपासून हाकेच्या अंतरावर, खोडदला, ४५ मीटर व्यासाच्या तबकड्या आभाळाकडे तोंड करून उभ्या आहेत. परिसरात पसरलेल्या धरून एकूण ३०. डॉ. गोविंद स्वरूप यांनी उभारलेल्या या महादुर्बिणीने ८८० कोटी वर्षांपूर्वी एका दीर्घिकेतून निघालेला हायड्रोजनचा संकेत पकडला. २०२३ साली ते जाहीरही झालं. तेवढ्या लांबचा हायड्रोजन शास्त्रज्ञांना समजतो. मला मॉस्कोत बनलेल्या चित्रपटात नायक जेवायला बसलाय की भांडायला, हे कळत नाही. दर २८ फेब्रुवारीला विज्ञान दिनाला खोडदला गर्दी लोटते, तेव्हा तिथे कुणाला तरी विचारावं असं मनात आहे. पण विषय त्यांचा नव्हे.

व्हिएतनाममध्ये परदेशी चित्रपटातल्या सगळ्या पात्रांचे संवाद एकच माणूस वाचून दाखवतो, अशी जुनी पद्धत आहे. आमच्याकडे हे काम कुणी न सांगता आईने अंगावर घेतलं. नायक केल्विन अंतराळस्थानकावर झोपलाय, आणि नेमकी तेव्हाच बाहेर कुत्री भुंकली. बिबट्या आला म्हणून सगळे ओट्यावर. बॅटऱ्या फिरल्या, बिबट्या नव्हता. परत येऊन बसलो तर केल्विनच्या खोलीत एक बाई. खाली दोन ओळी स्पष्टीकरण होतं, ते व्हिएतनामच्या कामाचं.

"पहिली बायको आहे त्याची," आई म्हणाली. "सुखानं गेलेली नाही."

केल्विनने तिला अग्निबाणात बसवून पाठवून दिलं.

"असं केलं की परत येतात."

आली. यापुढे मूळ कादंबरीकार स्तानिस्वाव लेम यांची मी काय मातब्बरी सांगायची? त्यांनी १९६१ साली विचार करणारा एक अख्खा महासागर कल्पिला, आणि इथे त्याचा निकाल स्वयंपाकघराच्या दारातून लागला. लेम यांचंही या चित्रपटाशी पटलं नव्हतंच. याने 'सोलारिस' नाही, 'गुन्हा आणि शिक्षा' काढलाय, अशी त्यांची तक्रार होती. मॉस्कोत वाद घालून, दिग्दर्शकाला मूर्ख ठरवून ते घरी गेले. त्यांना रशियन येत होतं, हे विसरू नये. भाषा कळून एवढी चिडचिड, तर माझी किती रास्त!

मला पूर्ण समजलेला प्रसंग एकच. बर्टन नावाचा निवृत्त वैमानिक मोटारीतून जातो. बोगदे, उड्डाणपूल, दिवे. सुमारे पाच मिनिटं नुसता रस्ता. हे चित्रण टोकियोतलं. कुणी बोलत नाही, त्यामुळे खाली ओळ नाही, आणि तेवढा वेळ मी आणि हनोईचा प्रेक्षक बरोबरीत होतो. नारायणगावसारख्या तमाशाच्या पंढरीत पाच मिनिटं कुणी तोंड न उघडता फड चालवला असता तर कनात जागेवर राहिली नसती. आमच्या घरी मात्र सगळे एकटक बघत होते. शेवटी मामांनी विचारलं, "चाकण गेलं का मागं?"

मामा आंबेगाव तालुक्यातले. ज्या गावावरून तालुक्याला नाव पडलं ते मूळ आंबेगाव डिंभे धरणाच्या पाण्यात गेलं आणि मामांचं बरंच गणगोतही त्यासोबत उठलं. चित्रपटभर ते पेंगत होते. शेवटी केल्विन वडिलांच्या घरी येतो, घरात पाऊस पडतोय. मग कॅमेरा वर वर जातो आणि दिसतं, की ते घर, झाडं, तळं सगळं त्या महासागरातल्या एका बेटावर आहे. चहूकडे पाणी. जगभरच्या समीक्षकांनी या दृश्यावर रकानेच्या रकाने लिहिलेत. मामा ताठ बसले.

"बुडित क्षेत्र हाये. बापाचं घर तेवढं राह्यलंय," ते म्हणाले. "मोबदल्याचं काय लिव्हलंय रं खाली?"

मी बघितलं. एवढा वेळ हटून बसलेल्या ओळी नेमक्या तिथे गायब होत्या.

"काहीच नाही, मामा."

"मग आधी घोडेगावच्या कचेरीत अर्ज टाक म्हणावं. अन् पोच घ्यायची."