जिल्हा हलला, मी नाही

माझा पहिला पासपोर्ट २०१५ साली निघाला आणि २०२५ साली वारला. एवढ्या आयुष्यात तो गोदरेजच्या कपाटाबाहेर आला तो फक्त पाहुण्यांना दाखवण्यापुरता. छत्तीस पानी पुस्तिका. त्यात पहिल्या पानावर माझा फोटो, शेवटच्या पानावर आईवडिलांची नावं आणि पत्ता, आणि मधलं सगळं कोरं, एखाद्या पोरानं परीक्षेला बसून नुसतं नाव-नंबर लिहून दिलेल्या पेपरासारखं. मास्तर या नात्यानं अशा पेपरांना मी शून्य गुण देत आलो. इथे मात्र पेपर माझाच होता.

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत भूगोल शिकवत होतो. टुंड्रा, सहारा, ॲमेझॉनचं खोरं, उत्तर अमेरिकेतले प्रेअरी, सगळं पोरांना हातवारे करून सांगितलं. राहणं नागऱ्यात. गोंदियापासून सायकलनं सहज जाता येईल इतकं जवळ, बालाघाट रस्त्याला. गावात प्राचीन शिवमंदिर आहे, महाशिवरात्रीला अख्खा जिल्हा आमच्याकडे लोटतो. जग आपल्याकडे येत असताना आपण जगाकडे कशाला जायचं, असा माझा युक्तिवाद होता. बायको याला आळस म्हणते.

मग पासपोर्ट काढला कशाला? तर शाळेतल्या एका सहकाऱ्यानं काढला म्हणून. तो सिंगापूरला जाऊनही आला. मी पानठेल्यावर म्हणालो, "आपलाही तयार आहे, फक्त निघायचा अवकाश." तो अवकाश दहा वर्षं टिकला. कधी रोवणी, कधी कापणी, कधी निवडणुकीची ड्युटी. शिक्षकाला परदेशी जायला अडवणारं शासनाकडे इतकं काही आहे, की व्हिसापर्यंत गोष्ट जातच नाही.

एकदा मात्र मी सीमा ओलांडली. नेपाळ. पशुपतिनाथाची यात्रा होती, सोनौलीच्या कमानीखालून आम्ही पायीच पलीकडे गेलो. भारतीयाला नेपाळ-भूतानला जायला पासपोर्ट लागत नाही, मतदार ओळखपत्र पुरतं. माझ्या आयुष्यातला एकमेव परदेश प्रवास असा मतदान कार्डावर झाला आणि पासपोर्ट बिचारा डांबराच्या गोळ्यांचा वास घेत घरी पडून राहिला. तो मी मुद्दाम ठेवला होता. हरवला तर?

आमच्या डोक्यावरून विमानं मात्र रोज जातात. जवळच्या बिरसीची धावपट्टी इंग्रजांनी दुसऱ्या महायुद्धाच्या काळात बांधली. आता तिथे वैमानिक घडवणारी संस्था आहे. शिकाऊ पोरं लहान लहान विमानं घेऊन आभाळात घिरट्या घालतात आणि जिथून उडाली तिथेच उतरतात. त्यांच्याशी माझं फार जमलं असतं. १ डिसेंबर २०२३ला बिरसीहून हैदराबादमार्गे तिरुपतीला प्रवासी विमान सुरू झालं, तेव्हा गावातल्या चार जणांनी मला विचारलं, "गुरुजी, आता तर जाल ना जी?" मी म्हणालो, "तिरुपतीला पासपोर्ट लागत नाही." त्यांना वाटलं, गुरुजी फक्त पासपोर्ट लागतो अशाच ठिकाणी जातात. मीही तो समज मोडला नाही.

२०२५ साली मुलीचा जर्मनीहून फोन आला. बातमी गोड होती. आजी-आजोबा होणार, बाळंतपणाला या. बायकोनं त्याच रात्री डिंकाच्या लाडवांचा हिशेब मांडला. मी कपाटातून पासपोर्ट काढला, तर मुदत संपलेली. मुलीनं सांगितलं, तिकडच्या व्हिसाला पासपोर्ट दहा वर्षांच्या आत काढलेला हवा, परत निघायच्या तारखेनंतर निदान तीन महिने चालणारा हवा आणि त्यात किमान दोन पानं कोरी हवीत. शेवटची अट मी जगात कुणाहीपेक्षा चांगली पूर्ण केली असती.

अर्ज मुलीनंच तिकडून ऑनलाइन भरला. माझं नूतनीकरण, बायकोचा पहिलावहिला. दोघांची फी प्रत्येकी १५०० रुपये. केंद्र नागपूरचं घे, हे मीच सांगितलं. पासपोर्टसारखं काम राजधानीच्या शहरात व्हावं, उपराजधानी का असेना.

आता शर्टाचा प्रश्न. फोटो तिथेच काढतात आणि मागचा पडदा पांढरा असतो, म्हणून गडद कपडे घालून या, असं कुणीतरी सांगितलं. मास्तराच्या कपाटात गडद काय असणार? पांढरा, पांढरट आणि धुवून पिवळा पडलेला, एवढ्याच छटा. शेवटी जावयाचा मागे राहिलेला निळा शर्ट निघाला. जावई आडवा आहे, मी उभा. खांदे कोपराशी आले. बायको म्हणाली, "फोटो मानेपर्यंतच येतो, मान नीट ठेवा."

सकाळच्या महाराष्ट्र एक्सप्रेसनं निघालो. ही गाडी आमच्या गोंदियाहून निघते आणि कोल्हापूरला जाऊन थांबते, महाराष्ट्राच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत. वर्गात मी नेहमी सांगायचो, "पोरांनो, या गाडीत बसलात की अर्धा भूगोल संपला." स्वतः मी नागपूरच्या पुढे फारसा गेलो नव्हतो. मांडीवर फाइल होती. तीत आधार, पॅन, मतदान कार्ड, शिधापत्रिका, वीजबिल, सातबारा, निवृत्तीचा आदेश, लग्नाचा दाखला, शाळेची टीसी आणि एक झेरॉक्स अशी, की जिची मूळ प्रत मला कधीच सापडली नाही. लग्नाचा दाखला मी लॅमिनेट करून घेतला होता. २०१६च्या डिसेंबरात नियम सैल झाले, तेव्हापासून तो मागतच नाहीत, हे मला लॅमिनेशननंतर कळलं.

पोचलो तर दारावरच्या गार्डनं कागद बघितला आणि म्हणाला, "काका, वेळेच्या पंधरा मिनिटं आधी या. आत्ता कायले आले?" मग समोरच्या टपरीवर तर्री पोहे. तर्रीचा एक ओघळ शर्टावर गेला आणि निळ्यात दिसलाच नाही. जावयाच्या शर्टाचा तेवढाच उपयोग झाला.

आत व्यवस्था चोख. टोकन, मग 'अ' काउंटर, मग 'ब', मग 'क'. पडद्यावर नंबर येतो, आपण उठायचं. मी शाळेत हजेरी घेत होतो तेव्हाही इतकी शिस्त नव्हती. 'अ' काउंटरवरच्या मुलीनं बायकोचे कागद चाळले, फोटो काढला, बोटं घेतली आणि तिला पुढे पाठवलं. चहा उकळायला लागतो तेवढाही वेळ लागला नाही. त्याचं कारण भौगोलिक आहे. माझी बायको बालाघाट जिल्ह्यातल्या वाराशिवनीची, मध्य प्रदेशातली. तिचा जन्म झाला तेव्हा ते जिथे होतं, आजही तिथेच आहे, त्याच जिल्ह्यात, त्याच राज्यात. लग्न करून परराज्यातून आलेल्या बाईचा भूगोल असा निर्मळ, आणि जन्मापासून एका घरात राहिलेल्या माझा?

"सर, जुन्या पासपोर्टमध्ये जन्मस्थान नागरा, भंडारा आहे. अर्जात नागरा, गोंदिया. कोणतं बरोबर?"

"दोन्ही."

"दोन ठिकाणी जन्म कसा होईल सर?"

२०१५ साली तो अर्ज मी स्वतः भरला होता आणि जन्मस्थानात भंडारा जिल्हा मी जाणीवपूर्वक लिहिला होता. मी १९६५ साली जन्मलो तेव्हा गोंदिया जिल्हा अस्तित्वातच नव्हता. जो जिल्हा नव्हता त्यात माणूस जन्मेल कसा? टीसीवरही भंडाराच आहे. मुलीनं मात्र तिकडून व्यवहारी बुद्धीनं गोंदिया टाकलं होतं. माझं मत अजूनही तेच आहे आणि कोणत्याही इतिहासकारापुढे मी ते मांडायला तयार आहे. पण समोर इतिहासकार नव्हता, काउंटर होतं.

"तुम्ही भंडाऱ्याहून गोंदियाला कधी शिफ्ट झालात?"

"मी नाही झालो. जिल्हा झाला. १ मे १९९९."

"सर, तेव्हा माझा जन्म नव्हता," ती म्हणाली. या वाक्यापुढे भल्याभल्यांचं काही चालत नाही. मी तरी चालवून पाहिलं. म्हटलं, बाई, माझ्या वडिलांचं, बापूंचं ऐका. ते त्याच घरात जन्मले तेव्हा आमचं नागरा मध्यप्रांत आणि वऱ्हाडात होतं. १९५० साली त्याचा मध्य प्रदेश झाला आणि राजधानी नागपूरच राहिली. १ नोव्हेंबर १९५६ला विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि बापू एका रात्रीत मुंबईकर झाले. मुंबई त्यांनी कधीच बघितली नाही. १ मे १९६०ला महाराष्ट्र. मग १९९९ला गोंदिया जिल्हा. एवढ्या सगळ्या उलथापालथीत त्यांनी स्वतःहून केलेलं एकमेव स्थलांतर म्हणजे उन्हाळ्यात खाट आतून अंगणात आणणं.

मागची रांग हे सगळं ऐकत होती. एक आजोबा खूश झाले, बाकीचे घड्याळ बघत होते. पुढच्या काउंटरवरून बायकोचा आवाज आला, "अहो, त्या म्हणतात ते लिहा ना."

त्या काय म्हणत होत्या, ते फार सोपं होतं. नूतनीकरण आहे, जन्मस्थानात बदल मागायचा नसेल तर जुन्या पासपोर्टात आहे तेच ठेवा. तिनं कीबोर्डवर चार बोटं मारली आणि मी पुन्हा भंडाऱ्यात जन्मलो. एवढं व्याख्यान कुणी मागितलंच नव्हतं. फाइलीतला सातबाराही कुणी मागितला नाही. मी तो तरीही दाखवला.

नंतर बोटांचे ठसे. काचेवर बोटं ठेवली, पडद्यावर काहीच उमटेना. पुसून ठेवली, उमटेना. काउंटरवरच्या मुलीनं ओला कागद दिला, तरी पडद्यावर धुकंच. "सर, काय काम करायचे तुम्ही?" मी म्हटलं, खडू. जन्मभर खडू धरला आणि हातानंच फळा पुसला, डस्टर नेहमी दुसऱ्या वर्गात असायचं. अंगठ्यावरच्या रेषा टुंड्रा आणि सहारा समजावताना झिजल्या. तिनं एकेक बोट आपल्या हातानं काचेवर दाबलं, पहिलीतल्या पोराचा हात धरून अक्षर गिरवतात तसंच अगदी, तेव्हा कुठे उमटले. फोटोच्या वेळी चष्मा काढायला आणि न हसायला सांगितलं. दुसऱ्या सूचनेची गरज नव्हती.

गावी परतलो आणि पोलिस पडताळणीची वाट बघू लागलो. जर्मनीची बातमी माझ्याआधी पोचली होती. एक शिपाई मोटारसायकलवर आला, हातात टॅब. जुन्या काळी या कामाला फुलस्केप कागद लागायचे, आता सगळं ॲपवर. त्यानं अर्ज उघडला आणि चेहरा उजळला. "भंडाऱ्याचे का सर? मीबी भंडाऱ्याचाच!" काउंटरवर जे नडलं ते इथे नातं निघालं. मी नागऱ्याच्या घरात बसून भंडाऱ्याच्या गप्पा मारल्या. चहा झाला. मग मला ओळखणारे दोन शेजारी त्याला हवे होते.

एक शेजारी सरळ होता. दुसरा घरी सापडला तो नेमका ज्याच्याशी माझं शेताच्या धुऱ्यावरून वर्षानुवर्षं वाजतं तो. तो म्हणतो धुरा माझ्याकडे सरकला, मी म्हणतो त्याच्याकडे. (आमच्या घराण्यात सीमा नेहमी आपणहून सरकतात, हे वर आलंच आहे.) माझ्या पोटात गोळा आला. शिपायानं विचारलं, "गुरुजी कसे आहेत?"

"देवमाणूस जी," तो म्हणाला. "सभ्य. कोठी भांडण नाही, तंटा नाही. जाऊ द्या त्याइले. लवकर जाऊ द्या. किती दिवस राहतील म्हणता तिकडं?"

मी जर्मनीत असताना धुरा कुठे जाईल, हे सांगायला भूगोलाची पदवी लागत नाही. पण अहवाल उत्तम गेला.

पासपोर्ट स्पीड पोस्टानं येतो आणि ज्याचा त्याच्याच हातात देतात. पोस्टमन आला तेव्हा मी गोंदियाला राइस मिलवर धान घेऊन गेलो होतो. बायकोनं स्वतःचा सही करून घेतला. माझा तिच्या हाती दिला नाही. मला दुसऱ्या दिवशी पोस्टात आधार घेऊन जावं लागलं. दरम्यानच्या रात्री आमच्या घरात पासपोर्ट असलेली एकच व्यक्ती होती आणि ती मी नव्हतो. तिनं मला तो हातात धरू दिला, एवढं खरं.

नवा पासपोर्ट चिपवाला आहे. मुखपृष्ठावर खाली एक लहान सोनेरी चिन्ह असतं, त्यावरून ओळखायचं. नागपूरचं कार्यालय हे २०२४ साली ज्या काही मोजक्या कार्यालयांत ई-पासपोर्ट आधी सुरू झाले त्यांतलं एक. चिपमध्ये माझा चेहरा आणि ते हट्टानं उमटवलेले ठसे आहेत. जन्मस्थान अर्थातच नागरा, भंडारा. पत्ता नागरा, गोंदिया. जर्मनीत विमानतळावर कुणी याबद्दल विचारलं तर बायकोनं आधीच बजावलं आहे, "उत्तर मी देईन."

आता एक विनंती. तुमच्या कपाटातला पासपोर्ट आज काढून त्याची तारीख बघा. मुदत संपायच्या वर्षभर आधीही अर्ज चालतो, मी थांबलो तसे थांबू नका. अर्जात जन्माचा जिल्हा जुन्या पासपोर्टात छापलाय तोच टाका, भंडारा असो की गोंदिया, की उद्या आणखी काही निघो. आणि काउंटरवर विचारलं तेवढंच सांगा. मागे रांग असते.