अण्णांचे खाते : वारसांसाठी काही सूचना

घरातले वडीलधारे माणूस गेले की तेराव्यापर्यंत बँकेचे नाव काढू नये, असा प्रघात आहे. तो पाळावा. पासबुक मात्र दुसऱ्याच दिवशी ताब्यात घ्यावे. ते हाती असल्याने कायद्याने काहीच मिळत नाही; पण बाकीच्यांची झोप उडते आणि वादाला पाया मिळतो. एटीएमकडे मात्र फिरकू नये. मृत्यूनंतरची रक्कम उताऱ्यात तारखेसह उमटते आणि ती अण्णांनीच काढली, असे म्हणायची सोय उरत नाही.

मग नॉमिनी कोण ते पाहावे. ज्याचे नाव निघते तो त्याच क्षणापासून मालकासारखा बोलू लागतो. वास्तविक तो पैसे घेऊन वारसांपर्यंत पोचवणारा विश्वस्त. बँकेतल्या ठेवींबाबत सर्वोच्च न्यायालयाने हे २०१० मध्ये रामचंदर तलवार खटल्यात स्पष्ट केले आहे. हे त्याला ऐकवण्याची उत्तम वेळ म्हणजे गोडाच्या जेवणाची पंगत. १ नोव्हेंबर २०२५ पासून एका खात्याला चार नॉमिनी लावता येतात, तेही टक्केवारीसह. त्यामुळे आता टक्क्यांवरूनही रुसता येते.

नॉमिनी नाही आणि मृत्युपत्रही नाही? मग हिंदू वारसा कायद्याप्रमाणे पत्नी, मुलगे, मुली आणि हयात असल्यास आई, सगळ्यांना सारखा वाटा. ‘तिच्या लग्नात दिलंय की सगळं’ हे कलम कायद्यात नाही, तरी प्रत्येक घरात एक काका ते काढतातच. त्यांना बोलू द्यावे. ते स्वतः या यादीत नाहीत, हे चहा झाल्यावर सांगावे.

तलाठ्याकडची वारसनोंद घेऊन बँकेत जाऊ नये. ती सातबाऱ्यासाठी असते.

सहकारी बँकेत वादाला जी खोली लाभते, ती इतरत्र नाही. इथे अण्णा नुसते खातेदार नव्हते, सभासद होते. कर्जातून कापलेल्या शेअर्सचे नामनिर्देशन वेगळे, अर्ज वेगळा. शिवाय अण्णा भिडस्त. गावातल्या निम्म्या ट्रॅक्टरांच्या कर्जाला त्यांचा जामीन. जामीनदार गेला म्हणून आधीच थकलेल्या कर्जाची जबाबदारी जात नाही. त्याने मागे ठेवलेल्या मालमत्तेपुरती ती वारसांकडे येते. शाखाधिकारी ही माहिती फार मृदू आवाजात देतात. तेव्हा कालपर्यंत भांडणारे भाऊ पहिल्यांदाच एका सुरात म्हणतात, ‘तसं अण्णांचं आणि आमचं फारसं पटत नव्हतं.’

यानंतर ओळखीचा संचालक गाठावा. तो फोन लावून ‘आपलीच माणसं आहेत, बघा जरा’ म्हणतो. दुसऱ्या भावानेही एक संचालक गाठलेला असतो, त्यामुळे शाखाधिकारी दोन्ही बाजूंना ‘बघतो’ म्हणतात आणि आठवडाभर मीटिंगला जातात.

काही उतावळे लोक विचारतात, लवकर कसे मिटेल? रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०२५ च्या निर्देशांनुसार सहकारी बँकेत नॉमिनी नसतानाही ५ लाखांपर्यंतचा दावा साध्या पद्धतीने निकाली निघतो : मृत्यूचा दाखला, ओळखपत्रे, हमीपत्र, पैसे न घेणाऱ्या वारसांचे ना-हरकत. सगळी कागदपत्रे पोचल्यावर मुदत १५ दिवसांची; बँकेमुळे उशीर झाला तर बँक दर अधिक ४ टक्के व्याज. अट एवढीच की वारसांत वाद नको. इथेच आपली माणसे अडतात. वाद दिसला की बँक न्यायालयाचा कागद मागते आणि ते बरोबरच आहे; अण्णांना शेवटी दवाखान्यात कोणी नेले, हे ठरवायला बँकेत काउंटर नसतो.

तरीही माघार घ्यायची नसेल तर खाते तसेच पडू द्यावे. दहा वर्षे त्याला कोणी हात लावला नाही की शिल्लक रिझर्व्ह बँकेच्या निधीत जाते. घाबरू नये, पुढेही बँकेत अर्ज करून ती मागता येते. फक्त सह्या पुन्हा सगळ्यांच्या लागतात, आणि तोवर नातवंडेही वाद घालण्याच्या वयाची झालेली असतात.