गेमपॅडचा हाडवैद्य

आमच्या सोसायटीत दाताचे डॉक्टर आहेत, सीए आहेत, एक निवृत्त तहसीलदार आहेत. पण शनिवारी दुपारी लहान मापाच्या चपलांचा ढीग पडतो तो आमच्याच दाराशी. गावाकडे हाडवैद्याच्या ओट्यावर मुरगळलेले पाय घेऊन माणसं बसायची, तशी आमच्या सोफ्यावर पोरं गेमपॅड मांडीवर घेऊन ओळीनं बसतात. चेहरे तसेच पडलेले, आणि "काका, काल रात्रीपर्यंत चालत होता" हे वाक्यही तेच.

ही प्रॅक्टिस मी मागून घेतलेली नाही. बी विंगमधल्या एका मुलाचा नवा गेमपॅड कॉम्प्युटरला दिसत होता, पण गेमला दिसत नव्हता. वडिलांनी विंडोज पुसून नव्यानं टाकली होती आणि आता त्यांचा मदरबोर्डवर संशय होता. मी पॅड उलटा केला, पाठीवरचा बारीक खटका डीवरून एक्सवर सरकवला आणि परत दिला. चहा येण्याआधी मुलाची गाडी धावायला लागली. एवढ्यावर माणसाचं नाव होतं. मला स्वतःला गेम अजिबात खेळता येत नाही, ही गोष्ट तेव्हापासून कुणी मनावरच घेत नाही. रेसिंगमध्ये माझी गाडी पहिल्या वळणाला कठड्यात शिरते ती तिथेच मुक्काम करते. पण हाडवैद्याला कुस्ती यावीच लागते असं कुठे आहे?

हा डी आणि एक्सचा घोळ समजल्याशिवाय मात्र या धंद्यात पाऊल टाकू नये. विंडोजला गेमपॅडशी बोलायच्या दोन रीती येतात. जुनी रीत डायरेक्टइनपुट, नव्वदच्या दशकातली. स्वभावानं ऐसपैस. तुम्ही स्टिअरिंग आणा, विमानाची जॉयस्टिक आणा, पायानं दाबायची पेडल्स आणा, ती सगळ्यांना घरात घेते. फक्त नाव कुणाचंच विचारत नाही. बटण एक, बटण दोन, बटण सात, बस. सातवं बटण म्हणजे ब्रेक की बंदूक, ते तुम्ही आणि गेमनं आपसांत ठरवायचं. मग २००५ साली मायक्रोसॉफ्टचा एक्सबॉक्स ३६० आला आणि त्याच्या कंट्रोलरसाठी एक्सइनपुट ही दुसरी रीत आली. हिचा खाक्या कडक. बटणांची नावं ठरलेली, जागा ठरलेल्या, एका वेळी कंट्रोलर चारच. पाचव्याला दारातूनच नमस्कार. गेम लिहिणाऱ्यांना ही शिस्त फार सोयीची वाटली. कुठलं बटण काय करतं याची चौकशीच संपली.

त्याचा परिणाम असा, की जगातल्या बहुतेक गेमपॅडांना कॉम्प्युटरच्या दारात आल्यावर आपण एक्सबॉक्स ३६०चे कंट्रोलर असल्याचं सोंग घ्यावं लागतं. सहाशे रुपयांचा, खोक्यावर दर खेपेला नवंच नाव छापून येणारा पॅड असो, नाहीतर पाच-सहा हजारांचा नामांकित असो, सोंगातून सुटका नाही. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं आणता येत नाही, असं आपल्याकडे म्हणतात. सहाशेचा पॅड एक्सबॉक्सचं सोंग बेमालूम आणतो. पावसाळा संपता संपता त्याची डावी स्टिक लुळी पडते, तेव्हा पैसा दिसतो.

सोंगाचा सगळ्यात जास्त ताप झाला तो ३०२ मधल्या थोरल्याला. त्याच्याकडे प्लेस्टेशनचा पॅड. तो जोडायला त्यानं कुठूनसा एक छोटा प्रोग्रॅम आणला होता. हा प्रोग्रॅम खऱ्या पॅडच्या आड बसून कॉम्प्युटरमध्ये एक खोटा एक्सबॉक्सचा पॅड तयार करतो आणि गेमला तो दाखवतो. पण गेमला दोघंही दिसत होते. नट आणि त्याचं सोंग एकाच वेळी रंगमंचावर! खालचा बाण एकदा दाबला की मेनूत दोन घरं खाली. 'सुरू करा'वर जायला निघालेलं पोरगं थेट 'बाहेर पडा'वर. यावर इलाज म्हणजे खरा पॅड गेमपासून लपवायचा. तशी सोयही मिळते.

"म्हणजे काका, खरा लपवायचा आणि खोटा दाखवायचा?"

"हो."

तहसीलदार आमच्याकडे पेपर वाचायला आले होते. पानाआडूनच म्हणाले, "यात नवीन काय?"

लपवाछपवी झाली की बटणांचं भांडण सुरू होतं. स्क्रीन म्हणते, ए दाबा. प्लेस्टेशनच्या पॅडवर ए नाहीच. तिथे फुली, गोल, चौकोन आणि त्रिकोण. निन्टेन्डोच्या वळणाच्या पॅडवर ए आहे, पण उजवीकडे, आणि एक्सबॉक्सवाला ए असतो खाली. त्यामुळे निन्टेन्डोवाला आज्ञाधारकपणे ए दाबतो आणि गेम त्याला मागच्या पानावर पाठवून देतो. त्यातून जपानमध्ये प्लेस्टेशनवर वर्षानुवर्षं गोल म्हणजे होय आणि फुली म्हणजे नाही अशी चाल होती. बाहेरच्या बऱ्याच जगात नेमकी उलटी. २०२० साली प्लेस्टेशन ५ आला तेव्हा सोनीनं जपान्यांनाही फुलीला होय म्हणायला लावलं. माझ्या मते जपानी बरोबर होते. वहीत बाईंनी लाल फुली मारली की ज्याचा दिवस वाया जातो, त्या पोराला 'फुली म्हणजे होय' हे कुठल्या तोंडानं शिकवायचं?

पेशंट आला की मी आधी पॅड बघत नाही, केबल बघतो. यूएसबीच्या साध्या केबलमध्ये चार तारा असतात, दोन विजेच्या आणि दोन माहितीच्या. पॉवर बँकेबरोबर फुकट येणाऱ्या कित्येक केबलींत माहितीच्या तारा घातलेल्याच नसतात. बाहेरून काही कळत नाही. पॅडचा दिवा लागतो, तो थरथरतोसुद्धा, आणि विंडोज ढिम्म. ती जोडल्याची टुणटुणही वाजवत नाही. पोरं दिव्यावर विश्वास ठेवतात आणि ड्रायव्हर शोधत रात्र काढतात. माझ्याकडे एक खात्रीची केबल आहे. ती मी देवघराशेजारच्या खिळ्याला अडकवून ठेवतो आणि कुणालाही घरी नेऊ देत नाही. तिच्यावर आमच्या हिनं एकदा मोबाईल चार्ज केला, तेव्हा आमच्यात जे बोलणं झालं ते इथे देण्यासारखं नाही.

केबलीपेक्षा बिनतारी बरं, असं ज्यांना वाटतं त्यांच्यासाठी ब्लूटूथ आहे. बिनतारी पॅडची निष्ठा पहिल्या घराशी असते. मुलगा बेडरूममध्ये लॅपटॉपसमोर बसून पॅडचं मधलं बटण दाबतो, आणि हॉलमधला झोपलेला कन्सोल डोळे उघडतो. कन्सोल जागा झाला की टीव्हीलाही उठवतो आणि स्वतःचं चित्र लावतो. त्या वेळी टीव्हीवर आजीची मालिका चालू असते. सूनबाईचं खरं बाळ कोणतं हे आता कळणार, एवढ्यात पडद्यावर ढाल-तलवार घेतलेला राक्षस! पॅडला जुनं घर विसरायला लावायचं, मग दोन ठरलेली बटणं दिवा झरझर लुकलुकेपर्यंत दाबून धरायची आणि नवं घर दाखवायचं, हे मी त्या मुलाला आजीदेखत शिकवलं. आजींनी माझ्याकडून लेखीच घेतलं असतं.

शिवाय सेल. एक्सबॉक्सच्या बिनतारी पॅडला दोन पेन्सिल सेल लागतात. भिंतीवरच्या घड्याळाला एक लागतो. त्यामुळे ज्यांच्याकडे हॉलमध्ये एक आणि स्वयंपाकघरात एक अशी घड्याळं आहेत, त्यांची दोन्ही एकाच वेळेला बंद पडलेली असतात, आणि ती वेळ साधारण आई भाजीला गेल्याची असते.

तपासणीची माझी खिडकी मात्र एकच. विंडोजची की आणि आर एकत्र दाबायचं, जॉय डॉट सीपीएल टाईप करायचं, की ती उघडते. विंडोजचे वॉलपेपर बदलले, स्टार्ट बटण कोपऱ्यातून मध्ये आलं. ही करडी खिडकी आहे तिथेच आहे, कारण तिच्याकडे कुणाचं लक्षच गेलेलं नाही. एका चौकोनात अधिकचं चिन्ह आणि शेजारी आकडे टाकलेले लाल गोल. स्टिक हलवली की अधिकचं चिन्ह हलतं, बटण दाबलं की गोल उजळतो. इथे सोंग चालत नाही. "हात काढून घे," असं मी म्हणतो. मुलगा हात काढतो, आणि अधिकचं चिन्ह कुणी न ढकलता हळूच डावीकडे सरकू लागतं. तेव्हा मागे बसलेली सगळी पोरं एका सुरात "ड्रिफ्ट!" म्हणतात.

हा ड्रिफ्ट म्हणजे स्टिकचा संधिवात. बहुतेक पॅडांत स्टिकच्या खाली रोध बदलणारे दोन छोटे भाग असतात, एक आडव्या हालचालीसाठी, एक उभ्या. त्यातल्या कार्बनच्या पट्टीवर एक टोक घासत फिरतं. घासून घासून पट्टी झिजते आणि स्टिक मध्ये उभी असली तरी आपण डावीकडे कललोय असं कळवत राहते. गेममधला योद्धा मग आपणहून डावीकडे चालत कड्यापर्यंत जातो आणि खाली पडतो. चुंबकावर चालणाऱ्या, न घासणाऱ्या स्टिकही आता मिळतात. हॉल इफेक्ट म्हणतात त्यांना. महाग पॅड नको असेल तर डेड झोन वाढवायचा. म्हणजे मधल्या थोड्या भागात स्टिक काहीही बोलली तरी ऐकलं न ऐकलंसं करायचं, असं गेमला सांगून ठेवायचं. हे मी समजावत होतो तेव्हा त्याच आजी म्हणाल्या, "हे आमच्या सूनबाईंना न शिकवताच येतं."

४०५ मधल्या मुलाची केस वेगळी. त्याचा पॅड खरा एक्सबॉक्सचाच, पण गेम एवढा जुना की तो डायरेक्टइनपुटशिवाय बोलेना. त्या रीतीत या पॅडचे दोन्ही ट्रिगर एकाच रेषेची दोन टोकं होतात, एक धन आणि एक ऋण. हा मुलगा घाबरला की ब्रेक आणि अ‍ॅक्सिलरेटर दोन्ही दाबून धरतो. बेरीज शून्य. गाडीला वाटतं कुणी काही दाबलेलंच नाही. मी त्याला गणित समजावलं. त्यानं मान डोलावली आणि पुढच्या वळणाला पुन्हा दोन्ही दाबले.

आमच्या वेळी हे नव्हतं, असं म्हणायची मला अनावर हौस आहे, पण आमच्या वेळी जास्तच होतं. साऊंड कार्डाच्या मागे पंधरा पिनांचा गेम पोर्ट असायचा. त्यात जॉयस्टिक खुपसली की दर गेम आधी कवायत करून घ्यायचा : वर डावीकडे न्या, बटण दाबा, खाली उजवीकडे न्या, बटण दाबा, आता मध्ये सोडा. यूएसबी १९९६ साली आली आणि कवायत हळूहळू सुटली. टीव्हीला लावायच्या चिनी व्हिडिओ गेमचं तेवढं बरं होतं. रिमोट खुपसला की चालायचा, तू कोण असं त्याला कुणी विचारत नसे.

आयांना या विद्येबद्दल आदर नाही. दहावीतल्या एका मुलाच्या आईला मी अमेरिकेच्या नौदलाची गोष्ट सांगून पाहिली. २०१८ साली 'यूएसएस कोलोरॅडो' ही पाणबुडी सेवेत आली, तिच्यात पेरिस्कोपच्या जागी बसवलेले कॅमेऱ्याचे खांब फिरवायला एक्सबॉक्सचा कंट्रोलर ठेवलेला आहे. आधीचं यंत्र सुमारे ३८ हजार डॉलरचं आणि वापरायला अवजड. हा कंट्रोलर दुकानात तीसेक डॉलरला मिळणारा आणि नव्या पोरांना शिकवावाच लागत नाही. बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं. "जाऊ दे की पाणबुडीत," त्या म्हणाल्या, "आधी दहावी होऊ दे."

दुसऱ्या दिवशी त्यांच्याकडून डबा आला. अळूवडी, वर खोबरं पेरलेलं, तेल निथळलेलं. पाठोपाठ त्याही आल्या. "काका, संध्याकाळी तो पॅड घेऊन येईल. परीक्षेपर्यंत एवढं बघा ना. ड्रायव्हर मिळत नाही म्हणून सांगा. तुमचं ऐकेल तो." वडी तोंडात असताना माणूस नाही कसा म्हणणार?

संध्याकाळी तो आला. मी पॅड खालीवर केला, कानाशी धरून हलवला, खिळ्यावरची केबल काढून लावली. टुणटुण वाजली ती खोकून दडपली. "याचा ड्रायव्हर मिळत नाही रे हल्ली," मी म्हणालो. "बंद झालाय तो. मार्चनंतर बघू."

त्यानं माझ्याकडे बघितलं. मग वाकून विंडोजची की आणि आर दाबलं आणि माझ्याच कीबोर्डवर जॉय डॉट सीपीएल टाईप केलं. करडी खिडकी उघडली. यादीत पॅड, पुढे 'ओके'. त्यानं स्टिक फिरवली, अधिकचं चिन्ह चौकोनभर हिंडून आलं.

"आईनं काय दिलं?"

"अळूवडी," मी म्हणालो.

"तरीच घरी दोनच होत्या." त्यानं डबा पुढे ओढला, एक वडी उचलली आणि खुर्ची सरकवून माझ्या कॉम्प्युटरसमोर बसला. "बरं, मी पण घरी सांगतो, ड्रायव्हर मिळत नाही. आमच्याकडे नाही ना मिळत? तुमच्याकडे मिळालाय. परीक्षेपर्यंत इथेच येत जाईन. काका, तो दिवा जरा बंद करा, स्क्रीनवर चमकतोय."