सैतान दाखवण्याआधी पैसे गोळा करावेत

नीतिनाटक रचायला फारशी अक्कल लागत नाही, असा समज आहे. तो तसाच राहू द्यावा, स्पर्धा कमी होते. १५व्या शतकातल्या इंग्लंडात, शक्यतो नॉरफोक-केंब्रिजच्या बाजूला, असा खेळ उभा करू पाहणाऱ्या होतकरू मंडळींसाठी या चार सूचना.

पात्रांची नावं ठेवताना कल्पकता दाखवू नये. लोभाचं नाव लोभ, दयेचं दया. नायक म्हणजे अख्खी मानवजात. नावही तेच. गावातल्या सावकाराला नाव घेऊन रंगमंचावर आणलंत तर हशा होईल, पण तो एकटा सोडून बाकीचा गाव निर्धास्त होईल. निर्धास्त प्रेक्षक या धंद्यात कामाचा नाही. कथानकही नवं शोधू नये. माणूस बिघडतो, पस्तावतो, पुन्हा बिघडतो आणि अगदी शेवटच्या क्षणी वाचतो. एवढंच. सगळी मेहनत त्या बिघडण्यावर घ्यावी.

हाताशी पैसा आणि मोकळं मैदान असेल, तर ‘द कॅसल ऑफ पर्सिव्हरन्स’चा कित्ता गिरवावा. १४०० ते १४२५च्या सुमाराचा हा खेळ साडेतीन हजारांहून अधिक ओळींचा आहे, तेव्हा प्रेक्षकांना जेवून यायला सांगावं. त्याच्या हस्तलिखितात चक्क रंगभूमीचा नकाशा काढून ठेवला आहे. मधोमध किल्ला, त्याखाली नायकाचा पलंग, भोवती पाण्याचा खंदक. पूर्वेला देवाचा मंच, पश्चिमेला जगाचा, दक्षिणेला देहाचा, उत्तरेला सैतानाचा. लोभाला ईशान्येला स्वतंत्र मंच, म्हणजे देवाच्या शेजारीच. लढाईच्या वेळी सैतानाच्या हातांत, कानांत आणि ढुंगणात नळ्या खोचून त्यांत दारू पेटवावी, अशी स्पष्ट सूचना आहे. त्या कामाला नट कसा मिळवायचा, याची सूचना मात्र नाही.

नायकाने आसरा घेतलेल्या या किल्ल्यावर चालून आलेल्या पापांना सद्गुण गुलाबाची फुलं फेकून मारतात आणि पापं रडत-विव्हळत पळतात. नवखा लेखक इथेच पडदा पाडेल. तसं करू नये. लोभाला पुन्हा पाठवावं, पण या वेळी शस्त्राविना. नायक आता म्हातारा झालाय, हाडं कुरकुरताहेत. लोभ त्याला फक्त म्हणतो, बाबा रे, या वयात गाठीला चार पैसे नकोत का? आणि ज्याला सगळं सैन्य बाहेर काढू शकलं नाही तो आपल्या पायांनी किल्ल्याबाहेर येतो. पुढे मरताना त्याची मालमत्ता घ्यायला एक पोरगा हजर होतो. त्याचं नाव ‘कोण जाणे कोण’. माझ्या मते त्या साडेतीन हजार ओळींतला सगळ्यात क्रूर विनोद तो हाच.

पैसा नसेल, तर ‘मॅनकाइंड’कडे वळावं. हा खेळ १४७०च्या आसपासचा. सहा नट पुरतात. दया हे इथे एका धर्मोपदेशकाचं पात्र आहे. तो आणि टिटिव्हिलस नावाचा सैतान एकदाही समोरासमोर येत नाहीत, म्हणजे दोघांची कामं एकाच नटाकडून करून घेता येतात. खर्च वाचतो आणि नटाला प्रवचनाचा कंटाळाही येत नाही. प्रेक्षकांना तो येणारच, म्हणून दया लॅटिनमिश्रित भाषेत बोलू लागला की टवाळ पात्रांना आत सोडावं. त्यांनी एक धार्मिक गाणं म्हणून सुरुवात करावी आणि सगळ्यांना मागे म्हणायला लावावं. दुसऱ्या ओळीपासून ते भयंकर अश्लील होत जातं, पण तोवर प्रेक्षकांनी तोंड उघडलेलं असतं. प्रवचनाने जे होत नाही ते इथे होतं. पाप आता त्यांचंही असतं.

मग सैतानाची आरोळी फक्त आतून ऐकवावी आणि झोळी फिरवावी. पैसे दिल्याशिवाय तो दर्शन देणार नाही, असं टवाळांनी सांगावं. सुरुवात घरमालकापासून करावी. सोन्याची नाणी मागावीत, मिळेल ते घ्यावं. इंग्रजी रंगभूमीवर प्रेक्षकांकडून पैसे घेतल्याचा सर्वांत जुना ज्ञात दाखला हाच. दयेचं बोलणं तोवर सगळ्यांनी फुकटात ऐकलेलं असतं. सैतान आल्यावर त्याने फार मोठं काही करू नये. शेत खणणाऱ्या नायकाच्या मातीखाली फळी लपवावी, बियाण्यात तण मिसळावं, प्रार्थनेच्या वेळी त्याला शौचाला लावावं. माणूस चिडून काम सोडतो.

टवाळ परवडत नसतील, तर ‘एव्हरीमन’. डच ‘एल्केर्लेक’वरून आलेला हा खेळ जेमतेम ९०० ओळींचा आहे आणि त्यात सैतान लागतच नाही. मृत्यू बोलावायला येतो. नायक हजार पौंड देऊ करून मुदत मागतो, ती मिळत नाही. सोबतीला तो मित्राला विचारतो. मित्र म्हणतो, खाणंपिणं असो, बायका असोत, अगदी कुणाचा खून करायचा असो, मी आहे, पण हा प्रवास नको. चुलतभावाच्या पायाच्या अंगठ्यात नेमका त्याच वेळी गोळा येतो. या वाक्यावर हमखास हशा येतो, तेव्हा नटाला आधीच थांबायला शिकवून ठेवावं. सत्कर्म नावाचं पात्र तेवढं यायला तयार असतं, पण नायकाच्या पापांनी ते इतकं खंगलेलं असतं की जमिनीवरून उठताही येत नाही. या कामासाठी हडकुळा नट शोधावा.

शेवटचं म्हणजे मुखवट्यांवर काटकसर करू नये. ग्लॉस्टरच्या आर. विलिस नावाच्या गृहस्थाने लहानपणी वडिलांच्या पायांत उभं राहून असाच एक खेळ पाहिला. फिरती मंडळी गावात आली की पहिला प्रयोग महापौरांपुढे करत, त्यातला तो. तीन स्त्रिया एका राजपुत्राला गाणी म्हणून पाळण्यात झोपवतात आणि झोपल्यावर त्याच्या तोंडावर डुकराच्या थोबाडाचा मुखवटा चढवतात. त्याला तारेच्या तीन साखळ्या, एकेक प्रत्येकीच्या हातात. मग एक म्हातारा येऊन पाळण्यावर दंडाचा तडाखा मारतो, क्षणात सगळे गायब, आणि राजपुत्र उघड्या चेहऱ्याने दचकून जागा होतो. विलिसने हे १६३९मध्ये, वयाच्या पंचाहत्तरीत, साखळ्यांसकट लिहून ठेवलं. संवाद काय होते, ते त्याने लिहिलेलं नाही.