हप्तेकरी

पांढरपेशा महाराष्ट्रीय समाजात पेन्शनर, पत्रिका जुळविणारे काका, सार्वजनिक वाचनालयाचे आजीव सभासद अशा ज्या ठळक वल्ली पूर्वापार आढळत आल्या आहेत, त्यांच्या पंक्तीत गेल्या चाळीस-पंचेचाळीस वर्षांत आणखी एक पान मांडावे लागले आहे, आणि ते हप्तेकऱ्याचे आहे. हा गृहस्थ धायरीस, मोशीस, डोंबिवलीस किंवा बदलापुरास कोणत्या तरी उत्तुंग इमारतीच्या अकराव्या मजल्यावर नांदतो. महिन्याच्या पाच तारखेस सकाळी भ्रमणध्वनीवर एक विशिष्ट टुणकार उमटेपर्यंत तो किंचित अस्वस्थ असतो, आणि ती उमटली की पुढील पंचवीस दिवस स्वतःस घरमालक समजून वावरतो. त्याच्या दारावर नावाची सुबक पाटी असते, इंडेक्स टू वर त्याचे व सहधर्मचारिणीचे नाव असते. मूळ दस्त तेवढा बँकेच्या तिजोरीत असतो.

मितव्यय हा या माणसाचा स्थायीभाव. कोथिंबिरीच्या पंधरा रुपयांच्या जुडीसाठी तो तीन गाडे हिंडतो. विजेचे देयक आले की मागील वर्षीच्या त्याच महिन्याचे देयक शोधून काढून दोहोंतील युनिटांची तफावत घरातील प्रत्येकास समजावून सांगतो. रिक्षावाल्याशी दोन रुपयांच्या सुट्ट्यांवरून त्याने केलेले वादविवाद वक्तृत्वाच्या एखाद्या स्पर्धेस शोभले असते. घर घेतानाही या गुणाने त्याची साथ सोडली नव्हती. बिल्डरच्या वातानुकूलित दालनात बसून त्याने दर चौरस फुटाला शंभर रुपये कमी करविले, ओट्याखालच्या ट्रॉल्या फुकटात पदरात पाडून घेतल्या, बँकेची प्रोसेसिंग फी सणासुदीच्या सवलतीत माफ करविली. घराचा भाव त्याने इतक्या परीने पारखला. ज्या पैशाने ते घर घ्यावयाचे, त्या पैशाचा भाव मात्र त्याने विचारला नाही. त्याने विचारले ते एवढेच, “महिन्याला किती पडतील?”

या प्रश्नातच त्याचे समग्र तत्त्वज्ञान सामावलेले आहे. महिना हेच त्याच्या विश्वातील एकमेव परिमाण. वर्ष, तप, दशक ही कालमाने त्याला इतिहासाच्या पुस्तकापुरती मान्य आहेत. परंतु पैशाचा प्रश्न आला की जे महिन्याच्या चौकटीत बसते ते स्वस्त आणि जे बसत नाही ते महाग, अशी त्याची सुटसुटीत विभागणी असते.

त्याच्या वडिलांच्या पिढीचा क्रम निराळा होता. तो मनुष्य छत्तीस वर्षे कचेरीत खर्डेघाशी करी, भाड्याच्या दोन खोल्यांत मुलांचे शिक्षण व मुलींची लग्ने उरकी, आणि निवृत्तीनंतर प्रॉव्हिडंट फंड व ग्रॅच्युइटी यांची एकत्र मोट बांधून गावाबाहेरच्या एन. ए. प्लॉटवर ‘श्रमसाफल्य’ नावाचे टुमदार घर बांधी, ज्यात राहावयास बहुधा तो, त्याची पत्नी आणि संधिवात एवढेच उरलेले असत. १९७७ साली हसमुखभाई पारेख यांनी मुंबईत केवळ गृहकर्जासाठी अशी एक स्वतंत्र संस्था उभी केली, आणि पगारदार माणसास न मिळालेल्या पगाराच्या भरवशावर आजच घर घेता येऊ लागले. ही गोष्ट उपकारकच झाली, याविषयी माझ्या मनात संदेह नाही. ती न होती तर आजचे निम्मे हप्तेकरी सामाईक नळावर रांगेत उभे असते. तक्रार कर्जाविषयी नसून कर्जदाराच्या अंकगणिताविषयी आहे.

ज्या हप्तेकऱ्याचे चित्र मी रेखाटीत आहे, त्याने आपला दस्त मार्च २०२१ मध्ये नोंदविला. महामारीच्या काळात महाराष्ट्र शासनाने मुद्रांक शुल्कात सप्टेंबर २०२० पासून वर्षअखेरपर्यंत तीन टक्क्यांची, व पुढे ३१ मार्च २०२१ पर्यंत दोन टक्क्यांची सूट दिली होती. मुदत टळण्यापूर्वी दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात जी झुंबड उडाली, तीत हा गृहस्थ नाकावरचा मुखपट्टा सावरीत सहा तास उभा होता. घराची किंमत, रिकाम्या आच्छादित पार्किंगसह, ६५ लाख. सबब शुल्कात बचत १ लाख ३० हजार. या बचतीची वार्ता त्याने आप्तेष्टांस इतक्या वेळा सांगितली की ते पैसे कोणी त्याच्या हाती आणून दिले असावेत असा एका मावशींचा अद्याप समज आहे. कर्ज ५० लाखांचे, मुदत २० वर्षांची, व्याज पावणेसात टक्के, हप्ता ३८,०१८ रुपयांचा. दर इतका खाली पूर्वी क्वचितच आला होता. वय अडतीस, म्हणजे निवृत्तीच्या वर्षी, अठ्ठावन्नाव्या वर्षी, सर्व बेबाक. ही दोन टोके इतकी नेमकी जुळली हे पाहून त्याने मंजुरीपत्र देव्हाऱ्यात ठेवून त्यावर हळदकुंकू वाहिले.

विसाला बाराने गुणून त्यास ३८,०१८ ने गुणले असता ९१ लाख २४ हजार होतात, म्हणजे व्याज ४१ लाखांवर, हे त्याने त्या दिवशी पाहिले नाही. पाहिले असते तरी बिघडले नसते. त्याच्यापाशी दोन उत्तरे सदैव सिद्ध असतात. पहिले उत्तर प्राप्तिकराचे. “व्याजावर दोन लाखांची वजावट मिळते,” असे तो म्हणतो, आणि तीस टक्क्यांच्या पायरीवर या वजावटीने वर्षाला ६२,४०० रुपये वाचतात हे खरे आहे. ते वाचविण्यासाठी पहिल्या वर्षी ३ लाख ३४ हजार रुपये व्याज द्यावे लागते, हेही तितकेच खरे आहे. पुढे नव्या करपद्धतीत स्वतः राहत्या घरावरची ही वजावटच नाही, तरी त्याच्या बोलण्यातून ती गेलेली नाही. दुसरे उत्तर नफ्याचे. “पासष्टला घेतला, शेजारचा परवा पंचाऐंशीला गेला, वीस लाख सुटले!” या वीस लाखांच्या हिशेबात व्याज, नोंदणी, सोसायटीची वर्गणी आणि फर्निचर यांना प्रवेश नसतो. त्याला नफा मोजावयाचा असतो तेव्हा घर हा गुंतवणुकीचा विषय होतो, आणि खर्च मोजण्याची पाळी आली की तेच घर भावनेचा विषय होते.

तथापि त्याची सगळीच बाजू लंगडी आहे असे कोणी समजू नये. भाड्याच्या घरात अकरा महिन्यांचा करार संपत आला की मालकाचा आवाज बदलतो. भिंतीत खिळा ठोकण्यास परवानगी लागते, आणि मुलांच्या शाळा घरमालकाच्या पुतण्याच्या लग्नावर अवलंबून राहतात. या सर्वांतून सुटण्यासाठी माणसाने काही किंमत मोजली तर ती वावगी नव्हे. किती मोजली हे त्याने एकदा पाहावे, एवढेच.

ते त्याच्यावतीने पाहिले अण्णांनी. अण्णा म्हणजे हप्तेकऱ्याचे वडील. हयात गावच्या विविध कार्यकारी सोसायटीचे सचिव म्हणून गेलेली, त्यामुळे मुद्दल आणि व्याज या दोन शब्दांतील अंतर त्यांना झोपेतही कळते. २०२३ च्या फेब्रुवारीत ते पुण्यास मुलाकडे आले होते. मे २०२२ पासून तोवर रिझर्व्ह बँकेने रेपो दर सहा वेळा वाढवून चारांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला होता, आणि त्यास बांधलेले हप्तेकऱ्याचे व्याज पावणेसातांवरून सव्वानऊ टक्क्यांवर गेले होते. हप्ता मात्र तेवढाच राहिला होता, म्हणून त्याची झोप शाबूत होती. एके दिवशी बँकेतून फोन आला, “शाखेत येऊन मुदतीबाबत पर्याय कळवा,” आणि अण्णांनी चष्मा पुसून परतफेडीचा तक्ता मागितला.

“हा कधी पाहिलास का रे?”

“अण्णा, ते खात्यातून आपोआप जातं. त्यात पाहायचं काय?”

अण्णांचे नख रकान्यावरून खाली सरकू लागले. “पहिला हप्ता अडतीस हजार अठरा. त्यात व्याज अठ्ठावीस हजार एकशे पंचवीस, मुद्दलात जमा नऊ हजार आठशे त्र्याण्णव. ठीक. आता या महिन्याला ये. व्याज सदतीस हजार शंभर. मुद्दलात जमा…” ते थांबले. “नऊशे.”

“नऊशे?” स्वयंपाकघरातून त्याची सहधर्मचारिणी, म्हणजे आमच्या वहिनी, बाहेर आल्या. “अहो, आपल्याकडे पाण्याच्या जारचेच बाराशे होतात!”

वस्तुस्थिती अशी होती की दर तोच राहता आणि हप्ताही तोच ठेवला जाता, तर उरलेले सव्वाअठ्ठेचाळीस लाखांच्या आसपासचे मुद्दल फिटण्यास आणखी सुमारे चाळीस वर्षे लागली असती, आणि चाळिशीतला हप्तेकरी ऐंशीव्या वर्षी बँकेतून आपला दस्त परत आणावयास काठी टेकीत गेला असता. बँकांच्या वयाच्या अटीत हे बसत नाही, म्हणून पर्याय दोन होते: हप्ता सुमारे ४५,७०० करावयाचा आणि मूळ मुदतीत मोकळे व्हावयाचे, किंवा हप्ता ४०,१५० करून पुढली २८ वर्षे, म्हणजे वयाच्या अडुसष्टपर्यंत, भरीत राहावयाचे. (असा पर्याय कर्जदारास विचारलाच पाहिजे, असे रिझर्व्ह बँकेने पुढे ऑगस्ट २०२३ मध्ये सर्वांस फर्माविले, तोवर कित्येकांची मुदत त्यांच्या नकळतच लांबत गेली होती.) पहिल्या पर्यायात पुढे भरावयाची रक्कम एक कोटीच्या थोडी आत, दुसऱ्यात एक कोटी पस्तीस लाख. पस्तीस लाखांचा हा फरक अण्णांनी वर्तमानपत्राच्या समासात मांडून दाखविला.

हप्तेकऱ्याने तो समास आदराने वाचला व शांतपणे म्हणाला, “पण अण्णा, पहिल्यात महिन्याला साडेसात हजार वाढतात. दुसऱ्यात फक्त दोन.”

वहिनींनी तिसरी बाजू मांडून पाहिली. भिशीचा जमाखर्च वर्षानुवर्षे ठेवल्यामुळे त्यांची दृष्टी तयार झालेली आहे. दुसऱ्या वर्षीच्या बोनसातला एक लाख मुद्दलात घातला असता तर जुन्या दराने अखेरचे आठ-नऊ हप्ते गळाले असते, आणि बदलत्या दराच्या कर्जावर मुदतीआधी फेड केल्यास बँकांना दंड लावता येत नाही, हे त्यांनी कुठूनसे माहीत करून घेतले होते. “त्या लाखाचा तुम्ही टीव्ही आणलात,” त्या म्हणाल्या. भिंतीवरचा तो पंचावन्न इंची दूरदर्शनसंच तेव्हा बंद होता, आणि सर्वांनी त्याच्याकडे पाहिले.

अण्णांनी शेवटची बेरीज केली. आजवर भरलेले आणि दुसऱ्या पर्यायाने पुढे भरावयाचे मिळून एक कोटी त्रेचाळीस लाख, पैकी मुद्दल पन्नास, बाकी व्याज त्र्याण्णव. “अरे, ही तर दामदुपटीच्याही वर गेली!” ते उद्गारले. व्याजाची थकबाकी एका वेळी मुद्दलापेक्षा अधिक वसूल करता येऊ नये, हा हिंदू धर्मशास्त्रातील जुना दंडक मुंबई इलाख्यातील न्यायालयेही मानीत आली होती. परंतु त्यातील मेख अण्णांस ठाऊक असूनही त्या क्षणी ते विसरले असावेत. ती मर्यादा तुंबलेल्या व्याजास होती; जो बिचारा वेळच्या वेळी भरीत राहिला, त्याने एकूण किती भरले हे दामदुपटीने कधी मोजलेच नाही. म्हणजे त्या दंडकाचा आधार बुडव्यालाच होता, आणि हप्तेकरी तर कधी एक दिवसही चुकलेला नाही. १८७५ साली याच पुणे जिल्ह्यात सुपे येथे संतप्त रयतेने सावकारांच्या घरांतून कर्जरोखे बाहेर ओढून त्यांची होळी केली, व त्यानंतर चार वर्षांनी सरकारास शेतकऱ्यांच्या संरक्षणार्थ कायदा करावा लागला. त्या रयतेला रोख्यातील मजकूर वाचता येत नव्हता, तरी व्याज किती होते हे तिला पक्के ठाऊक होते. आमच्या हप्तेकऱ्याने पदव्युत्तर शिक्षण घेतले असून त्याच्या रोख्याची लॅमिनेट केलेली प्रत फडताळात सुरक्षित आहे.

शेवटी दुसराच पर्याय मुक्रर झाला, हे सांगावयास नको. २०२५ मध्ये रेपो दर क्रमाक्रमाने उतरून डिसेंबरात सव्वापाचांवर आला, तेव्हा घटलेल्या व्याजाचा लाभ मुदत कमी करण्यास लागावा की हप्ता, हे बँकेने त्यास विचारले. त्याने हप्ता कमी करून घेतला, आणि सुटलेल्या रकमेमुळे आपली स्थिती सुधारली असा बँकेचा व त्याचा एकाच वेळी ग्रह झाला. बिनचूक फेडीबद्दल त्यास याच घराच्या तारणावर वाढीव कर्ज मंजूर झाले. त्यातून त्याने बारा लाखांची मोटार घेतली. मोटारकर्जापेक्षा गृहकर्जाचा दर कमी, सबब इथेही त्याने बचतच केली होती.

अण्णा पुन्हा आले तेव्हा तळमजल्यावर जाऊन त्यांनी मोटारीस एक प्रदक्षिणा घातली, नोंदणीची पुस्तिका मागवून वाचली आणि विचारले, “हिचा हप्ता किती वर्षं?”

“घराबरोबरच संपेल. पंचवीस वर्षं. महिन्याला फक्त साडेनऊ हजार.”

“म्हणजे बारा लाखांच्या गाडीला अठ्ठावीस. आणि हिची नोंदणी पंधरा वर्षांची. पुढची दहा वर्षं हप्ता कशाचा भरणार आहेस?”

“अण्णा,” हप्तेकरी समजुतीच्या स्वरात म्हणाला, “या पार्किंगचे तीन लाख मोजलेत मी, त्यावरही व्याज चालूच आहे. ही गेली तर जागा काय रिकामी ठेवायची? तेव्हा दुसरी घेऊ की.”