भोसले नव्हे, भोळे!

"काकू, काल बिजेच्या भजनाला का आला न्हाईत? आमच्या ह्यांनी 'आधी बीज एकले' धरला अन् अख्खं देऊळ डोलाया लागलं."

"घरातूनच ऐकलं गं शालन. पौडात भोंगा लावल्यावर देवळात यायची गरज कुणाला! गळा गोड आहे हो तुझ्या मालकांचा. पण सुरुवातीलाच 'तुकाराम महाराज म्हणतात' असं म्हणाले ना, तिथं मी कपाळावर हात मारला."

"का? मग कोण म्हणतंय?"

"शांताराम आठवले. 1936 साली प्रभातनं 'संत तुकाराम' काढला, त्यासाठी लिहिलं त्यांनी. सगळी गाथा पालथी घातलीस तरी सापडायचं नाही. पडद्यावर गायलं विष्णुपंत पागनीसांनी, आणि चाल केशवराव भोळ्यांची."

"केशवराव म्हंजी ज्यांच्या नावाचं कोल्हापूरचं थेटर जळालं, त्ये?"

"ते भोसले! आणि 'कुंकू' सिनेमातले म्हातारे काकासाहेब झाले ते दाते. हे भोळे. अमरावतीकडचे, जन्म 1896 चा. मुंबईला गेले डॉक्टर व्हायला आणि गाण्याच्या नादात डॉक्टरकी दिली सोडून."

"आईबापानं काय म्हनलं आसंल!"

"पुढचं ऐक. हे मोठमोठ्या गवयांना ऐकायचे आणि त्यांच्यावर लिहायचे. कधी 'एकलव्य' नावानं, कधी 'शुद्धसारंग' म्हणून. कुणाची तान कशी, आवाजाचा लगाव कसा, खटकतं काय, सगळं."

"म्हंजी तोंड लपवून नावं ठेवायची?"

"अगं, टोपणनावानं लिहायची रीतच होती तेव्हा. आणि नुसती नावं नाही ठेवली, कान तयार केले लोकांचे. मला तर याचं जास्त कौतुक, की दुसऱ्याचं गाणं तपासणारा हा माणूस स्वतः चाली बांधायला बसला. मास्तरांनीच पेपर सोडवायचा आणि तो चावडीवर लावायचा, तसं. 1933 ला नाट्यमन्वंतर या संस्थेचं 'आंधळ्यांची शाळा' हे नाटक आलं. तिथं बायकांची कामं बायकांनीच केली. ज्योत्स्नाबाई भोळे रंगमंचावर, संगीत नवऱ्याचं. जुन्या नाटकांत एकेका पदाला वन्समोअर पडायचे आणि गोष्ट तिथंच खोळंबायची. इथं गाणी मोजकी, भावगीतासारखी, शब्द कळतील अशी."

"बायको बी गानारी व्हय?"

"गोव्याची, माहेरची दुर्गा केळेकर. नवऱ्याहून अठरा वर्षांनी लहान."

"अगं बया, अठरा?"

"आणि गंमत बघ, 1937 च्या 'कुंकू'ला संगीत ह्यांचंच. गोष्ट कसली, तर म्हाताऱ्याशी लावून दिलेल्या तरुण पोरीची! पण तिथं पोरीची फसवणूक झालेली, इथं दोघंही सुरात. त्या 'कुंकू'त पार्श्वसंगीताला जवळजवळ फाटाच दिलाय. घरातले, रस्त्यावरचे आवाज आहेत तेवढेच."

"संगीत द्याया बोलावलं अन् गप बसाया सांगितलं?"

"तेच तर अवघड! भिकाऱ्याच्या तोंडी 'मन सुद्ध तुझं' येतं, ते अजून लोक गुणगुणतात. शांता आपटेंनी तर लॉन्गफेलोची इंग्रजी कविता म्हटलीय त्यात, तिलाही चाल आहेच."

"मग येवढ्या मानसाचं नाव कसं ठावं न्हाई?"

"ज्योत्स्नाबाईंच्या नावाचं पुण्यात सभागृह झालं. ह्यांची 'अस्ताई', 'अंतरा' ही पुस्तकं मात्र लायब्ररीच्या मागच्या कपाटात. याच्या अगदी उलट, विलायतेत एक सोराबजी होता, बाप मुंबईचा पारशी इंजिनिअर. तोही लेखक, टीकाकार, संगीतकार. पियानोची एकेक रचना चार-चार तासांची! आणि मग माझं संगीत जाहीर वाजवायचंच नाही म्हणून बसला, कित्येक वर्षं. फाटकावर पाटी, पाहुणे नकोत."

"त्याच्या वईवर काय बोलाया मिळालं नसतं आपल्याला!"

"छे! त्याचं नाव पुस्तकांत राहिलं आणि गाणं बंद. भोळ्यांची चाल धरणापल्याडच्या वाड्यांपर्यंत पोचली, नाव राहिलं मागं. व्हेनिसच्या महोत्सवात गौरव झाला त्या 'तुकाराम'चा, 1937 साली. आपण मात्र सगळं श्रेय तुकोबांच्या खात्यावर टाकून मोकळे."

"ह्ये आता तुमीच सांगा त्यांना. माझं ऐकायचं न्हाईत."

"सांगते की. चाल अजिबात बदलू नका म्हणावं, छान म्हणता. फक्त पुढच्या बिजेला माइक हातात घेतलात की आधी दोन नावं घ्या: शब्द शांताराम आठवले, संगीत केशवराव भोळे."